कडू नव्हे, कडवट

कडू आणि कडवट हे दोन शब्द मराठीने वेगळे ठेवले याबद्दल तिचे आभार मानायला हवेत. कडुलिंबाचा पाला कडू, कारले कडू. तोंडात घातले की लगेच कळते, आणि नको असेल तर थुंकून टाकता येते. कडवट ही निराळी चव आहे. ती पदार्थात थोडी असते आणि जिभेवर पुष्कळ वेळ राहते. देठाकडची काकडी न चाखता चिरली गेली, तर कोशिंबिरीच्या पुढच्या चार घासांना जी चव येते ती कडवट. माणसामाणसांतल्या संबंधांनाही हा फरक लागू पडतो. भांडण कडू असते. भांडण न मिटताच विझून गेले म्हणजे जे मागे उरते ते कडवट.

इंग्रजी बोलणाऱ्याला या दोहोंसाठी रोजच्या वापरात 'बिटर' हा एकच शब्द पुरतो. १९९९ च्या ऑगस्ट महिन्यात अमेरिकेत याच नावाचा एक अल्बम निघाला. गाणारी मिशेल एन्देगेओचेलो, कंपनी मॅव्हरिक. त्यात बारा रचना आहेत. दहा गाणी आणि दोन नुसत्या वाद्यांचे छोटे तुकडे. या नावाचे मराठी करायचे झाले तर मी 'कडू' म्हणणार नाही, 'कडवट' म्हणेन, आणि तसे का म्हणेन हेच मला येथे सांगायचे आहे. सांगण्याचे निमित्त मात्र थोडे यंत्राशी संबंधित आहे, आणि यंत्राविषयी बोलण्याचा हिला अधिकार काय, अशी शंका वाचकांना येणे रास्त आहे. मी कादंबऱ्या लिहिते आणि शाळेत मुलांना मराठी शिकवते. शिक्षण मॅट्रिकपलीकडे गेले नाही. परंतु हल्ली गाण्याचा सारा मुक्काम यंत्रातच असल्यामुळे, घराच्या भिंतींविषयी चार शब्द बोलल्यावाचून आत राहणाऱ्याविषयी काही बोलता येत नाही.

आधी ही बाई कोण ते सांगते. मिशेलचा जन्म १९६८ चा, बर्लिनमधला. वडील अमेरिकन सैन्यात होते आणि सॅक्सोफोन वाजवीत. ती वाढली वॉशिंग्टन शहरात. त्या शहराचे स्वतःचे असे एक नाचाचे संगीत आहे. त्याला 'गो-गो' म्हणतात. एक गाणे संपून दुसरे सुरू होईपर्यंतच्या जागेतही त्यातली तालवाद्ये थांबत नाहीत. नाचणाऱ्याला बसू द्यायचे नाही हीच त्यातली प्रतिज्ञा. अशा तालमीत तिचा हात बेस गिटारवर तयार झाला. तिने घेतलेले नाव स्वाहिली भाषेवरून आलेले आहे; 'पक्ष्यासारखी मुक्त' असा त्याचा अर्थ ती सांगते. १९९३ साली 'प्लँटेशन ललबाइज' हा तिचा पहिला अल्बम मॅव्हरिकनेच काढला. ही कंपनी गायिका मॅडोनाची. पुढच्या वर्षी जॉन मेलनकॅम्पबरोबर तिने गायलेले 'वाइल्ड नाइट' अमेरिकेच्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत तिसऱ्या क्रमांकापर्यंत चढले. १९९६ साली 'पीस बियाँड पॅशन' आला. म्हणजे 'बिटर' निघाला तेव्हा ती अनोळखी होती असे मुळीच नाही. उलट तिच्याकडून काय घ्यायचे हे लोकांचे ठरून गेले होते : उसळती बेस, तिच्यावर अर्धे बोललेले नि अर्धे गायलेले शब्द, आणि वंश, धर्म, देह यांविषयीचे रोखठोक बोलणे.

'बिटर'मध्ये यांपैकी जवळजवळ काहीच नाही.

येथे 'निओ-सोल' या शब्दाकडे वळावे लागते. काळ्या अमेरिकनांच्या चर्चमधील गायनातून आणि ब्लूजमधून गेल्या शतकाच्या साठ-सत्तरच्या दशकांत जे 'सोल' संगीत उभे राहिले, त्याच्याकडे नव्वदच्या दशकात काही तरुण मंडळी पुन्हा वळली. यंत्राच्या ठोक्यांचा तो काळ. या मंडळींनी त्यात हाताने वाजवलेली वाद्ये आणि सैल, किंचित मागे रेंगाळणारी लय परत आणली. केदार मॅसेनबर्ग नावाच्या व्यावसायिकाने या साऱ्यांना 'निओ-सोल' हे नाव दिले. नाव विक्रीसाठी होते, आणि ज्यांना ते चिकटले त्यांतल्या अनेकांना ते आवडले नाही. डिअँजेलोचा 'ब्राउन शुगर' १९९५ चा, मॅक्सवेलचा पहिला अल्बम १९९६ चा, एरिका बाडूचा 'बाडुइझम' १९९७ चा, लॉरिन हिलचा गाजलेला अल्बम १९९८ चा. मिशेलचा पहिला अल्बम या सर्वांच्या आधीचा आहे. या घरातली ती थोरली बहीण. घरातल्या थोरल्या बहिणीचे जे होते तेच तिचे झाले; धाकट्यांची लग्ने थाटात लागली आणि फोटोत ती कडेला उभी राहिली.

'बिटर' आला तोही अशाच अडनिड्या वेळी. लॉरिन हिलला १९९९ च्या फेब्रुवारीत पाच ग्रॅमी पारितोषिके मिळाली होती. डिअँजेलोचा 'वूडू' २००० च्या जानेवारीत यायचा होता. या दोन मोठ्या वरातींच्या मध्ये ही बाई हलक्या पावलांनी रस्ता ओलांडून गेली. समीक्षकांनी तिला वाखाणले नाही असे नाही. पण दुकानात एखाद्या अल्बमला फळी लागते, रेडिओवर वेळ लागते, आणि याला कोणती फळी द्यावी हे कोणाला ठरवता आले नसावे. सोल म्हणावे तर अंगात भिनणारा ठोका नाही. रॉक म्हणावे तर गाणारी काळी बाई. लोकगीत म्हणावे तर वर तंतुवाद्यांचा ताफा. 'फूल ऑफ मी' हे यातले गाणे मात्र २००० सालच्या 'लव्ह अँड बास्केटबॉल' या चित्रपटात आले. जिना प्रिन्स-बायथवुड यांच्या या चित्रपटात नायिका रात्रीच्या वेळी नायकाबरोबर त्याच्या प्रेमासाठी बास्केटबॉलचा डाव खेळते, तेथे ते वाजते. गाणे पुष्कळांना आठवते ते या प्रसंगामुळे. ते जेथून आले तेथवर किती जण गेले असतील, कोण जाणे.

माझ्यापर्यंत हा अल्बम आला तो माझ्या मावसभावाकडून. तो मालाडला कॉल सेंटरमध्ये रात्रपाळी करीत असे. तेथल्या मुलांत एमपीथ्री गाण्यांच्या तबकड्या हातोहात फिरत. एकेका तबकडीत दीडशे-दोनशे गाणी कोंबलेली. गावी येताना त्याने अशीच एक आणली, आणि त्यात 'बिटर'मधली चार-पाच गाणी होती. मागे पुढे कोणाकोणाची गाणी, नावे अर्धवट. घरच्या डीव्हीडी प्लेअरवर, टीव्हीच्या भोंग्यातून, मी ती ऐकली. एक खोल आवाज लक्षात राहिला, गाणी राहिली नाहीत. दोन वर्षांपूर्वी त्याच भावाने मला तारेचे चांगले हेडफोन आणि मोबाइलला जोडायची काड्यापेटीएवढी एक डबी पाठवली. अंकांचे सूर करण्याचे काम मोबाइलऐवजी ती डबी करते. मग लॉसलेस म्हणतात तसल्या प्रतीत मी संपूर्ण अल्बम पहिल्यापासून शेवटपर्यंत, एका बैठकीत, ऐकला.

या 'लॉसलेस'चा आता पुष्कळ गवगवा झालेला आहे, म्हणून ते काय ते सांगते. सीडीवर गाणे साठवताना दर सेकंदाला ध्वनीची ४४,१०० मापे घेतात, प्रत्येक माप सोळा बिटांचे, आणि डावा नि उजवा असे दोन कान. गुणाकार केला की दर सेकंदाला चौदा लाख अकरा हजार बिट होतात. भावाच्या त्या तबकडीवरच्या गाण्यांना दर सेकंदाला एक लाख अठ्ठावीस हजार मिळत होते. अकरावा हिस्सा. राहिलेले दहा हिस्से कोठे जातात? त्यांतले काही निव्वळ नीट घडी घातल्यामुळे वाचतात, पण पुष्कळसे फेकले जातात. काय फेकायचे हे एमपीथ्री करणाऱ्यांनी माणसाच्या कानाचा अभ्यास करून ठरवलेले आहे. मोठ्या आवाजाच्या अंगाला लागून बारीक आवाज असला तर तो कानाला ऐकू येत नाही. तेव्हा तो ठेवण्यात जागा का दवडा? जर्मनीतल्या कार्लहाइन्त्स ब्रांडेनबुर्ग यांनी ही चाळणी बसवताना सुझान व्हेगा या गायिकेचे 'टॉम्स डायनर' हे गाणे कसोटीला घेतले होते, ही गोष्ट प्रसिद्ध आहे. साथीला एकही वाद्य नसलेला एकट्या बाईचा आवाज. चाळणीचे भोक जरा मोठे झाले की तो लगेच बिघडे. मला ही हकीकत फार अर्थपूर्ण वाटते. ज्या कारागिरीने पुढे जगभरची गाणी चाळून काढली, तिला सर्वांत जड गेला तो एका बाईचा विनासाथीचा आवाज.

लॉसलेस म्हणजे या चाळणीवाचून ठेवलेले गाणे. जॉश कोल्सन यांनी २००१ मध्ये आणलेला 'फ्लॅक' हा त्याचा एक सर्वमान्य प्रकार. त्यात जागा वाचते, पण ती निव्वळ घडी घालून. लुगड्याची घडी उलगडली की सूत न् सूत जागच्या जागी सापडावे तसे. याला मराठी शब्द शोधू गेले तर आपल्या देव्हाऱ्यातच तो आहे : अक्षत. न मोडलेला तांदूळ. कणी चालत नाही.

मात्र या अक्षत ध्वनीची जी भक्ती हल्ली चालते तिच्यात मी सामील नाही. तोच अल्बम दर सेकंदाला तीन लाख वीस हजार बिटांच्या एमपीथ्रीत आणि अक्षत प्रतीत भावाने मला डोळे बांधल्यासारखा, न सांगता, आलटून पालटून ऐकवला. मला फरक सांगता आला नाही, आणि त्यालाही सांगता आला नाही. सीडीच्या वर जाऊन चोवीस बिट, दर सेकंदाला एक लाख ब्याण्णव हजार मापे, अशा प्रतींचे दुप्पट पैसे मागणारे विक्रेते आहेत. माणसाच्या कानाला वीस हजार कंपनांच्या पलीकडचे काही ऐकू येत नाही आणि चाळिशीनंतर तेवढेही नाही. हे विक्रेते कोणासाठी विकतात ते त्यांनाच ठाऊक. आणखी एक गोष्ट आहे, ती तर मजेचीच. मी 'अक्षत' म्हणून जे ऐकले त्यात १९९९ सालच्या सीडीत नव्हते असे काही नाही. चोवीस-पंचवीस वर्षांच्या प्रगतीने मला 'बिटर' आणखी चांगला करून दिला असे नव्हे. मधल्या काळातल्या सोयीने जे चाळून टाकले होते तेवढे परत आणून दिले.

पण ते 'तेवढे' काय होते? माझ्या मते तो अल्बम तेवढाच होता.

निर्माता क्रेग स्ट्रीट याने त्यापूर्वी कसांड्रा विल्सन या जॅझ-गायिकेचे 'ब्लू लाइट टिल डॉन' आणि 'न्यू मून डॉटर' हे अल्बम केलेले होते. ज्यांनी ते ऐकले असतील त्यांना याची रीत माहीत आहे. तो वाद्ये थोडी ठेवतो आणि वाद्यांच्या मधल्या जागेची मशागत करतो. 'बिटर'मध्ये प्रिन्सच्या ताफ्यातली वेंडी मेल्व्हॉइन गिटार वाजवते, डॉइल ब्रॅमहॉल आहे, ड्रमवर एब लॅबोरिएल धाकटा आहे. सगळे असे वादक की मनात आणले तर सभागृह हलवतील. येथे ते हात राखून वाजवतात. ड्रमच्या थाळीवर काडी पडते आणि तिचा झंकार विरत जातो, तेव्हा पुढच्या आघातापूर्वी तो पुरता विरू दिलेला असतो. तंतुवाद्यांचा स्वर संपतो तेव्हा खोलीच्या भिंतींवरून परतलेला त्याचा अंश आणखी क्षणभर रेंगाळतो. आवाज उमटण्यापूर्वीचा श्वास ऐकू येतो. तारेवरून बोट सरकल्याची खरखर ऐकू येते. ही मोठ्या आवाजाच्या आडोशाला राहणारी बारीक माणसे. टीव्हीच्या भोंग्यातून, अकराव्या हिश्श्याच्या गाण्यातून, पहिल्यांदा बाहेर काढली जातात ती हीच. थाळीचा झंकार पाण्यात बुडवल्यासारखा होतो, विरण्याची शेपटी तुटते, श्वास नाहीसा होतो. ज्या गाण्यात ठोका, चढणारी पट्टी आणि तोंडात बसणारे धृपद आहे त्याचे यात फारसे बिघडत नाही. धड शाबूत राहते. 'बिटर'मध्ये धड म्हणून वेगळे काढावे असे काही नाही.

आणि बेस. तिचे स्वतःचे वाद्य! बेस गिटारची सर्वांत खालची तार साधारणपणे सेकंदाला एकेचाळीस कंपने करते. मोबाइलच्या भोंग्यातून असा सूर निघूच शकत नाही. त्याच्या वरच्या स्वरांवरून कान अंदाज बांधतो आणि मन तो सूर ऐकल्याचे समाधान करून घेते. बेस जोरात वाजत असली तर हा अंदाज सहज बांधता येतो. मिशेलने या अल्बमात तिला मागे नेऊन बसवले आहे. 'प्लँटेशन ललबाइज'मध्ये जी दाराशी उभी राहून येणाऱ्याजाणाऱ्याशी बोलत होती ती येथे माजघरात आहे, आणि दिवसातून चार वाक्ये बोलते. हेडफोनवर प्रथमच मला कळले की ती चार वाक्ये गाण्याच्या शब्दांना जोडून येत नाहीत. शब्द थांबल्यावर येतात. बाई काहीतरी बोलते, पुढचे बोलायचे टाळते, आणि ते टाळलेले तिची बोटे बोलतात. एखाद्या वाद्यात निष्णात झालेल्या माणसाने ते वाद्य असे न वाजवण्यासाठी वापरावे याला मोठी छाती लागते. कादंबरी लिहिणारीला याचा हेवा वाटतो. आम्हांला सापडलेले चांगले वाक्य आम्ही सहसा गाळत नाही.

ही गाणी अशा दबलेल्या आवाजात निघाली तो काळही लक्षात घेण्यासारखा आहे. त्या वर्षी बाजारात आलेली ध्वनिमुद्रणे मोठ्या आवाजाच्या शर्यतीत होती. हलके नि जोरकस यांतले अंतर दाबून सारे सारखेच जोरकस करायचे, म्हणजे रेडिओवर आपले गाणे शेजारच्या गाण्यापेक्षा ठळक लागते, असा हिशेब. रेड हॉट चिली पेपर्स या मंडळींचा 'कॅलिफोर्निकेशन' त्याच वर्षी जूनमध्ये निघाला. आवाज इतका चढवला की तो जागोजाग फाटतो, ही त्याच्याविषयीची तक्रार आजही चालू आहे. दोनच महिन्यांनी 'बिटर' आला. आधीच्या गाण्याला लावलेल्या आवाजात तो ऐकू गेले तर ऐकूच येत नाही. बटण वर करावे लागते. शिक्षकाला हे तंत्र परके नाही. नवा शिक्षक वर्ग शांत करण्यासाठी आवाज चढवतो, मुले त्याच्यावर आवाज चढवतात. चार वर्षे घसा बसवून घेतल्यावर त्याला कळते की आवाज उतरवायचा असतो. मग पहिल्या बाकावरची मुले मागच्यांना गप्प करू लागतात. मात्र वर्गाला दार असते, आणि तास संपेपर्यंत मुले जाणार कोठे? बाजारातल्या श्रोत्याला तसले दार नाही.

आता गाण्यांकडे. अल्बमच्या आरंभी 'अॅडम' आहे : तंतुवाद्यांचा संथ तुकडा, शब्द नाहीत. 'ईव्ह' येते ती थेट दहाव्या जागी, तीही निःशब्द आणि अॅडमपेक्षा आखूड. आदिपुरुष आणि आदिस्त्री यांच्यामध्ये आठ गाण्यांचे अंतर आहे, आणि त्या आठ गाण्यांत माणसांनी एकमेकांना जे जे करायचे ते सारे करून झालेले आहे. ही रचना कोणी सांगितल्यावाचून कळत नाही आणि कळली नाही तरी काही अडत नाही. मला तिच्यात आवडते ती ही गोष्ट की ईव्ह आल्यावरही काही सुरू होत नाही. तिच्यानंतर लगेच जे गाणे येते त्याचे नाव 'वेस्टेड टाइम'. वाया गेलेला काळ. ते जो हेन्रीबरोबर गायलेले आहे; दोन थकलेले आवाज, कोणीच कोणाला उत्तर देत नाही.

बाकीच्या गाण्यांची नावे वाचताना मला शाळेची भिंत आठवली. 'फेथफुल', 'सिन्सिरिटी', 'लॉयल्टी', 'ग्रेस'. सुविचार लिहिण्याच्या फळ्यावरचे शब्द. माझ्या मॅट्रिकच्या इंग्रजीलाही कोश लागला नाही. पण फळ्यावर हे शब्द जसे सुवाच्य अक्षरात आणि कोणाच्याही नसलेल्या आवाजात लिहिलेले असतात, तसे येथे नाहीत. 'फेथफुल' या गाण्यात ती एकनिष्ठेचे गुणगान करीत नाही, आणि समोरच्याने ती मोडल्याचा पाढाही वाचत नाही. दुबळेपणा स्वतःकडे घेते आणि क्षमा मागते. विरहाची गाणी आपल्याकडे थोडी नाहीत. त्यांत गाणारी बहुधा निर्दोष असते, गुन्हा गेलेल्याचा. 'फूल ऑफ मी'मध्ये तसा आरोप आहे खरा, पण त्याला लागूनच 'फेथफुल' येते आणि त्या आरोपाच्या खालची जमीन काढून घेते. भांडणाचा निवाडा होत नाही. म्हणूनच मी कडू म्हणत नाही, कडवट म्हणते. 'बिटर' हे नावाचे गाणेसुद्धा चिडलेले नाही. ज्या डोळ्यांनी पूर्वी प्रेमाने पाहिले त्याच डोळ्यांत आलेल्या चवीविषयी ते आहे.

गाणी स्वतःपुरती मराठीत उतरवून पाहण्याची मला खोड आहे. कोठे छापायची नसतात. शब्दांच्या पोटात काय आहे ते त्याने कळते. येथे मी पहिल्याच ओळीला अडले. इंग्रजीत 'तू' म्हटले की भागते. मराठीत 'तू'चे क्रियापद लगेच विचारते, गेलास की गेलीस? मिशेल आपल्या प्रेमाविषयी, त्यात स्त्रियाही होत्या हे न लपवता, पूर्वीपासून उघडपणे बोलत आली आहे. 'गेलास' लिहिले तर आपल्या सवयीचे गाणे होते. 'गेलीस' लिहिले तर वाचणाऱ्याचे लक्ष तेवढ्या एका मात्रेवर जाऊन बसते आणि गाणे बाजूला राहते. तिच्या इंग्रजीत ते दोन्ही नाही. सोडून जाणारे माणूस आहे, एवढेच. शेवटी मी वर्तमानकाळाचा आसरा घेतला. 'तू जातोस-जातेस' तेथेही आहेच, म्हणून 'तुझे जाणे' असे धातुसाधित करून वाक्ये जुळवली. ती पांगळी झाली, पण त्या पांगळेपणातून एक कळले. या गाण्यांत क्रिया फार थोड्या आहेत. कोणी काही करीत नाही. करून झालेल्या गोष्टीपाशी बसून राहणे, एवढेच चालले आहे. लय संथ आहे ती उगाच नाही. बसलेल्या माणसाच्या श्वासाची ती लय आहे.

जिमी हेन्ड्रिक्सचे 'मे धिस बी लव्ह' हे १९६७ चे गाणे तिने येथे घेतले आहे. हेन्ड्रिक्सचे गाणे हाती घेतले की गिटारची करामत दाखवण्याचा मोह अनावर होतो. तिने करामत काढून टाकली आणि खालची प्रार्थना तेवढी ठेवली. इतर गाण्यांत प्रेम होऊन गेलेले आहे. येथे ते व्हावे अशी इच्छा आहे, आणि ती इच्छा दुसऱ्या कोणाच्या तरी, तीस वर्षांपूर्वी बोललेल्या शब्दांत आहे. स्वतःच्या शब्दांत ती तेवढी आशा धरीत नाही. हे योजून केले असेल किंवा नसेल; मला अल्बममधली ही सर्वांत हळवी जागा वाटते.

सगळेच असे साधले आहे असे मात्र नाही. 'सॅटिस्फाय'मध्ये जुन्या मिशेलची बेस किंचित डोके वर काढते, आणि ती आता पाहुण्यासारखी वाटते. गाणे वाईट नाही, या घरातले नाही. उत्तरार्धात लयीचा एकसुरीपणा खरोखर जाणवतो. 'सिन्सिरिटी' आणि 'लॉयल्टी' लागोपाठ येतात तेथे माझे लक्ष दोनदा-तीनदा सुटले, आणि त्याचा दोष मी श्रोत्याच्या अधीरतेला देणार नाही. संथपणा हा गुण असला तरी त्याचेही माप असते. शिवाय तंतुवाद्ये काही ठिकाणी दुःखाला शाल पांघरायला येतात. ती नसती तर दुःख काही गारठून मेले नसते.

हा अल्बम काढून ती थांबली नाही. पुढे ती जॅझकडे गेली, पुन्हा बोलक्या गाण्यांकडे आली, ब्लू नोट या जुन्या जॅझ-कंपनीत गेली. २०२४ आणि २०२५ अशी लागोपाठ दोन वर्षे तिला पर्यायी जॅझ अल्बमचे ग्रॅमी मिळाले; दुसरे, लेखक जेम्स बॉल्डविन यांच्यावरच्या अल्बमला. पारितोषिकांमुळे जुन्या कामाकडे लोक वळतात म्हणतात. वळोत. पण 'बिटर'कडे वळायचे तर कानाशी थोडी तयारी लागते, आणि ती तयारी फार खर्चाची नाही हे सांगायला हवे. सीडीच्या दर्जाची प्रत आता नेहमीच्या मासिक वर्गणीत मिळते. तारेचे बऱ्यापैकी हेडफोन लागतात. पंखा बंद करावा लागतो. एप्रिल-मे महिन्यांत हे जमणार नाही. मी दोन्ही वेळा पावसाळा ओसरल्यावर, रात्री अकरानंतर ऐकला. बिटांच्या हिशेबाने जेवढे परत आले त्याहून अधिक या बंद पंख्याने आणले असेल, असे कोणी म्हटले तर मी वाद घालणार नाही. चाळणी यंत्रात असते तशी घरातही असते. मात्र पंखा बंद करून टीव्हीच्या भोंग्यातून तीच चाळलेली गाणीही मी पुन्हा लावून पाहिली, आणि श्वास तेथे नव्हता. नसलेले ऐकण्यासाठी कितीही शांत बसले तरी ऐकू येत नाही.

शेवटचे गाणे 'ग्रेस'. मराठी वाचकाला हा शब्द दिसला की आधी कवी आठवतात. ते क्षणभर बाजूला ठेवू. कृपा, प्रसाद, अनुग्रह, असे शब्द आपल्याकडे आहेत, आणि सगळे वरून खाली येणारे आहेत. देवाकडून, गुरूकडून, मोठ्यांकडून. मिशेलच्या गाण्यातली ग्रेस समोरासमोर बसलेल्या दोन माणसांतली आहे. ज्याच्याकडून ती मागायची तो देव नाही, आणि जी मागते तीही काही पायाशी बसलेली नाही. अकरा रचना कडवटपणात काढल्यावर येथे आवाज किंचित मोकळा होतो. गोड होत नाही. शब्द संपल्यावर वाद्ये थोडी पुढे जातात, मग एकेक करून थांबतात, आणि सर्वांत शेवटी उरलेला स्वर इतका हळू विरतो की तो कोठे संपला आणि खोलीतली शांतता कोठे सुरू झाली ते पहिल्या खेपेला मला कळले नाही. दुसऱ्या खेपेला ती जागा नीट ऐकावी म्हणून मी श्वास धरून बसले होते, तोच मोबाइलने आपल्या मनाने दुसऱ्याच कोणाचे तरी, ढोलताशांचे म्हणावे असे गाणे लावले. श्रोत्याला आवडेल असे पुढचे गाणे यंत्र आपण होऊन निवडते, अशी ती सोय आहे. सेटिंगमध्ये जाऊन ती बंद करता येते. मी केली आहे.